शरीर आहे तसं स्वीकारलं, आता शुगरचं काय करायचं?

अमळनेरकडच्या एका ताईंचा प्रश्न थोडक्यात असा. वय ३६, दोन मुलं, उंची पाच फूट दोन इंच, वजन ७८ किलो, कंबर ३६ इंच. लहानपणापासून वजनावरून घरीदारी बोलणी खाल्लेली. लग्नाआधी एकदा आणि धाकट्याच्या जन्मानंतर एकदा कडक डाएट केलं. दुसऱ्या वेळी नऊ किलो उतरले आणि वर्षभरात अकरा चढले. शेवटी ठरवलं, बास, आता या शरीराचा रागराग करायचा नाही. वजनकाटा माळ्यावर टाकला, मन हलकं झालं. आणि गेल्या महिन्यात एचबीए१सी (मागच्या दोन-तीन महिन्यांतली सरासरी शुगर सांगणारी रक्ततपासणी) ६.१ आलं. डॉक्टर म्हणाले, वजन कमी करा. ताई विचारतात, "परत डाएट धरलं तर मी स्वतःला स्वीकारलं ते सगळं खोटं ठरेल का? आणि नाही धरलं तर माझ्या मुलांच्या आईची मीच हेळसांड करतेय का?"

ताई, मी जळगावात आहारतज्ज्ञ म्हणून बरीच वर्षं काम करते आहे. तुमच्यासारख्या बायका माझ्यासमोर रोज बसतात, फक्त इतका नेमका प्रश्न फार थोड्या जणी विचारतात. तुम्ही दोन वेगळ्या गोष्टी एका गाठीत बांधल्या आहेत, ती गाठ आधी सोडू. एक गोष्ट म्हणजे तुमची किंमत, म्हणजे चारचौघांत ताठ बसण्याचा, मनासारखी साडी नेसण्याचा, फोटोत पुढे उभं राहण्याचा हक्क. तो वजनाशी कधीच बांधलेला नव्हता. तुम्ही तो परत घेतलात, आता कुणाच्या सांगण्यावरून सोडू नका. दुसरी गोष्ट म्हणजे या शरीराला सध्या कशाची गरज आहे. ते रक्ताचा रिपोर्ट सांगतो, आणि रिपोर्ट म्हणजे काही चारित्र्याचा दाखला नव्हे. माती परीक्षणाच्या कागदावर नत्र कमी आलं म्हणून कुणी शेताला शिव्या देत बसत नाही.

गाठ पडली कुठे, तेही उघड आहे. तुमच्या आयुष्यात खाण्यातला प्रत्येक बदल कुणाच्या तरी टोमण्यातून सुरू झाला. म्हणून आता ताटात कोशिंबीर वाढून घेतली तरी आतून टोमणाच ऐकू येतो. हे मनातून एका दिवसात जात नाही. पण टोमण्यासाठी केलेला बदल आणि काळजीपोटी केलेला बदल वरून सारखा दिसला तरी त्यांची चाल वेगळी असते. पहिल्यात घाई असते, उपासमार असते, एक पुरणपोळी खाल्ली की सगळं मोडल्याची भावना असते. दुसऱ्यात घाई नसते, कारण कुणाला काही दाखवायचं नसतं.

आता रिपोर्टबद्दल स्पष्ट बोलते. एचबीए१सी ५.७ ते ६.४ म्हणजे मधुमेहाच्या उंबरठ्यावर, ६.५ पासून पुढे मधुमेह. तुमचं ६.१ उंबरठ्याच्या पट्ट्यात बसतं. इथून बरेच जण मागे फिरतात आणि दुर्लक्ष केलं तर बरेच जण पुढेही जातात. कंबर मला वजनापेक्षा महत्त्वाची वाटते. आपल्याकडच्या बायकांसाठी ८० सेंटीमीटर, म्हणजे साधारण साडेएकतीस इंच, ही सावध होण्याची रेषा मानतात. पुरुषांसाठी ९० सेंटीमीटर. पोटाभोवतीची चरबी इन्सुलिनला नीट काम करू देत नाही. तुमच्या समाधानासाठी मी हे गोड करून सांगणार नाही. "कोणत्याही वजनाला सगळं ठीकच असतं" असं म्हणणारे भेटतात; तेही तुमची अर्धीच बाजू बघतात.

पण दुसरी अर्धी बाजूही तितकीच खरी आहे. पुण्याच्या केईएम रुग्णालयातले डॉ. चित्तरंजन याज्ञिक यांनी २००४ साली 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात एका ब्रिटिश सहकाऱ्यासोबतचा स्वतःचा फोटो छापला होता. दोघांचा बीएमआय, म्हणजे उंचीच्या मानाने वजन सांगणारा आकडा, अगदी सारखा, २२.३. अंगातली चरबी मात्र ब्रिटिश डॉक्टरांची नऊ टक्क्यांच्या आसपास आणि याज्ञिकांची एकवीस. आपली माणसं सडपातळ दिसूनही आतून चरबी बाळगतात, ही गोष्ट त्या एका फोटोने ठळकपणे दाखवली. म्हणून माझ्याकडे जाड बाई तपासणीला आली की मी सोबत आलेल्या काटकुळ्या नवऱ्यालाही रक्त द्यायला लावते. "मला काय झालंय?" म्हणत तो आढेवेढे घेतो. कितीतरी वेळा त्याचीच शुगर जास्त निघते, आणि आयुष्यभर बायकोच्या ताटाकडे बघणारं घर एकदम गप्प होतं.

आणखी एक अभ्यास सांगते, कारण तुमच्या प्रश्नाचं उत्तर मला त्यात दिसतं. चेन्नईत डॉ. ए. रामचंद्रन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी उंबरठ्यावरच्या पाचशेहून जास्त लोकांना काही वर्षं पाहिलं. निष्कर्ष २००६ मध्ये आले. खाण्यातल्या आणि चालण्यातल्या बदलांचा सल्ला मिळालेल्या गटात मधुमेह होण्याचं प्रमाण साधारण २८ टक्क्यांनी घटलं. आणि या लोकांचं सरासरी वजन फारसं उतरलेलंच नव्हतं. म्हणजे काटा जागेवर असतानाही आत काम चालू होतं. अमेरिकेतल्या तशाच मोठ्या अभ्यासात वजन उतरवण्यावर भर होता, तिथे फायदा अधिक दिसला, ५८ टक्के. तेव्हा वजन थोडं उतरलं तर चांगलंच. पण 'थोडं' म्हणजे किती, तर त्या अभ्यासातलं उद्दिष्ट होतं सात टक्के. तुमच्या बाबतीत ते पाच-साडेपाच किलो होतात. लग्नाच्या फोटोतल्या मुलीपर्यंत पोहोचा, असं त्यात कुठेच नाही.

म्हणून माझं मत असं, की वजन हे ध्येय म्हणून ठेवूच नका. जेवणाच्या वेळा, ताट, चालणं आणि झोप एवढ्यावर लक्ष द्या. वजन उतरलं तर उतरेल. तुमचा काटा माळ्यावर आहे, तो तिथेच राहू द्या. महिन्यातून एकदा दवाखान्यात वजन करा, आणि आकडा बघायचा नसेल तर पाठ करून उभं राहा. माझ्याकडे कितीतरी जणी असं करतात. आकडा माझ्या वहीत जातो.

काही गोष्टी मात्र तुम्हाला प्रत्यक्ष पाहिल्याशिवाय मी सांगू शकत नाही. थायरॉइड तपासलंय का? पाळी अनियमित असेल, हनुवटीवर केस येत असतील तर पीसीओएस, म्हणजे बीजकोशांशी जोडलेला हार्मोन्सचा बिघाड, आहे का? त्या स्थितीत वजन उतरणं खरोखरच अवघड असतं, त्यात तुमच्या जिद्दीचा काही दोष नसतो. स्टेरॉइडच्या गोळ्या किंवा मनावरची काही औषधं चालू असतील तर हिशोब बदलतो. आणि सगळ्यांत आधी हिमोग्लोबिन. आपल्या भागात बायकांचं रक्त कमी असणं इतकं नेहमीचं आहे की कुणी विचारतही नाही, पण लोहाच्या कमतरतेत एचबीए१सी खोटं चढलेलं दिसू शकतं. सातपुड्याच्या पट्ट्यात, नंदुरबार, धुळे, चोपडा-यावलकडे सिकलसेल हा रक्ताचा आनुवंशिक आजार आढळतो, त्यात तर या तपासणीवर भरवसाच ठेवता येत नाही. म्हणून एकट्या ६.१ वर थांबू नका. उपाशीपोटीची शुगर आणि ७५ ग्रॅम ग्लुकोज पिऊन दोन तासांनंतरची शुगर करून घ्या. उपाशीपोटी १०० ते १२५, दोन तासांनी १४० ते १९९ आली तर उंबरठा पक्का समजायचा.

आता स्वयंपाकघर. तुम्हाला मागे जो डाएटचा कागद मिळाला असेल त्यात ओट्स, ब्राऊन ब्रेड, ऑलिव्ह तेल होतं का? तसा कागद अमळनेरात तीन आठवडे टिकतो. आपल्या घरात जे पिढ्यान्‌पिढ्या शिजतं त्यात जवळपास सगळं आहे. कळण्याची भाकरी घ्या. ज्वारीत सालासकट काळे उडीद दळलेले, म्हणजे भाकरीतच दाळ आली, पोट बराच वेळ भरलेलं राहतं. फुणके-कढी घ्या. भिजवलेल्या दाळीचे वाफवलेले फुणके, नाममात्र तेल, यापेक्षा चांगलं प्रथिनांचं जेवण मला कुठल्या परदेशी तक्त्यात सापडलेलं नाही. अंबाडी, पोकळा, मेथी, शेपू. हिवाळ्यात हिरव्या वांग्यांचं भरीत. भरतात अडचण वांग्याची नसते, वरच्या तेलाची आणि सोबतच्या पुऱ्यांची असते. घरी केलंत तर भाकरीबरोबर खा. शेतात भरीत पार्टी असेल तर पुरीबरोबर खा आणि मजा करा. ती काही रोज होत नाही.

शेवभाजीबद्दल सगळ्या जणी घाबरत घाबरत विचारतात. शेव तळलेली, वर तर्री, म्हणजे रोजचं हे जेवण नव्हे. आठवड्यातून एकदा, वाटीभर, तर्री कमी, सोबत कच्चा कांदा-काकडी भरपूर. वरण-बट्टीचंही तेच. बट्टी तळण्याऐवजी भाजून, वरण ताटलीभर, तूप चमच्याने, धारेने नको. घरात महिन्याला किती तेल येतं ते एकदा माणसांच्या संख्येने भागून बघा. डोई अर्धा ते पाऊण लिटर ठीक. दीड लिटर निघत असेल तर तो प्रश्न तुमच्या एकटीच्या ताटाचा नाही, सगळ्या घराचा आहे, आणि तसाच घरात मांडायचा.

केळीचं तर विचारूच नका. रावेर, यावल, चोपड्याच्या बायका स्वतःच्या बागेतलं केळ चोरून खाल्ल्यासारखं खातात. मध्यम आकाराचं एक केळ म्हणजे साधारण शंभर कॅलरी. फार पिकून काळं पडलेलं नको, जेवणावर गोड म्हणून नको. चारच्या सुमारास मूठभर शेंगदाण्यांसोबत एक खा. तुमच्या ६.१ ला त्याने काही होत नाही. चहातली साखर मात्र बघा. दिवसाला चार कप, कपाला दोन चमचे, म्हणजे पस्तीस-चाळीस ग्रॅम साखर नुसत्या चहातून जाते. जागतिक आरोग्य संघटना दिवसाला २५ ग्रॅमच्या आत राहिलात तर उत्तम म्हणते. मी साखर एकदम बंद करायला सांगत नाही. कपाला अर्धा चमचा कमी करा, दोन-तीन आठवड्यांनी आणखी अर्धा. जीभ तक्रार करत नाही.

पण काय खाता यापेक्षा कधी खाता, हा माझ्या बायकांचा मोठा रोग आहे. सकाळी नुसता चहा. डबे, शाळा, धुणं, सासऱ्यांची दाळ-भाकरी. स्वतःचं जेवण अडीच-तीनला, तेही उभ्या-उभ्या. साडेपाचला जीव कासावीस झाला की मुरमुरे-शेव-फरसाण, किती खाल्लं त्याचा पत्ता नाही. रात्री सगळ्यांची पानं उठली की साडेनऊ-दहाला उरलेली खिचडी संपवायची, अन्न टाकवत नाही म्हणून. असं जेवणाऱ्या बाईला "कमी खा" सांगणं मला निर्दयपणा वाटतो. तिने उलट सकाळी जास्त खायला हवं. म्हणून तुमच्यासाठी माझा पहिला बदल असा: सकाळी नऊच्या आत पोटभर काहीतरी, ज्यात दाळ, अंडं, दही किंवा मोड आलेलं कडधान्य आहे. दुपारचं जेवण दीडच्या आत, बसून. रात्री घरातल्या सगळ्यांसोबत पान मांडून, आठ-साडेआठपर्यंत. खिचडीत तांदूळ आणि दाळ समसमान घ्या, आणि आधी भाजी-कढी, मग खिचडी. उरलेलं अन्न फ्रिजमध्ये जाऊ शकतं, ते तुमच्याच पोटात जायला हवं असा नियम नाही. हे एवढंच नीट बसलं तर संध्याकाळचं फरसाण निम्म्यावर येतं, ते बंद करायला सांगावंही लागत नाही.

उपवास सोडा असं मी कुणाला सांगत नाही. सोमवार, चतुर्थी, एकादशी धरायची तर धरा, पण साबुदाण्याच्या खिचडीची भरलेली ताटली म्हणजे जवळपास निव्वळ स्टार्च आणि तेल. ती अर्धी करा, सोबत दही, शेंगदाण्याची आमटी, राजगिरा. शुगरच्या गोळ्या सुरू झाल्या तर मात्र उपवासाचं डॉक्टरांना विचारूनच ठरवा. आणि सण हिशोबात धरू नका. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, माहेरी जाल तेव्हा खापरावरचे मांडे आणि आमरस खा, झोक्यावर बसा. श्रावणात कानबाईच्या सणाचे रोट खा. दुसऱ्या दिवशी प्रायश्चित्त म्हणून उपाशी राहू नका, नेहमीचं जेवण नेहमीच्या वेळेला घ्या. सण मोजके दिवस असतात. शुगर ठरते ती बाकीच्या दिवसांवर.

हालचालीचं थोडक्यात. आठवड्याला १५० मिनिटं चालणं हा सर्वमान्य आकडा आहे. पण मे महिन्यात आपल्याकडे पारा ४५ च्या घरात जातो तेव्हा सकाळी साडेपाचला निघा, नाहीतर घरातच चाला. मैदानावर लोक बघतात म्हणून संकोच वाटत असेल तर गच्ची आहे. दुपारच्या आणि रात्रीच्या जेवणानंतर दहा-पंधरा मिनिटं चाललात तर जेवणानंतरची शुगर खाली राहायला मदत होते. आठवड्यातून दोन-तीनदा खुर्चीवरून हात न टेकता उठणं-बसणं, भिंतीला हात लावून जोर, पाण्याच्या भरलेल्या बाटल्या उचलणं. स्नायू शुगर वापरतात, म्हणून हे चालण्याइतकंच महत्त्वाचं. "घरचं काम करतेच की" हे खरं, त्याने थकवा येतो, पण दम वाढेल अशी सलग हालचाल त्यात कमी असते. झोप सहा तासांच्या खाली गेली तर भूक वाढते, त्यामुळे मोबाइल लवकर ठेवा.

आता घरच्यांचं. "कितली जाडी व्हयनी वं तू!" असं मावशी-काकू हसत हसत म्हणतात, त्यात त्यांना वाईट वाटत नाही. तुम्ही भांडू नका आणि हसूनही साजरं करू नका. "मावशी, तब्येतीचं डॉक्टरांशी बोलणं चालू आहे, तुम्ही गुडघ्याचं सांगा" म्हणून विषय वळवा. सासूबाईंना मात्र कामाला लावा. कळणा दळून आणणं, फुणक्यांची दाळ भिजवणं त्यांना तुमच्यापेक्षा चांगलं जमतं. त्यांना टोकण्यापेक्षा हातभार लावायची संधी मिळाली तर बोलणी आपोआप कमी होतात, निदान माझा अनुभव तसा आहे. तुम्हाला मुलगी असेल तर तिच्यासमोर स्वतःच्या पोटावरून, दंडावरून एकही शब्द बोलू नका. घरात बदल करताना "आई बारीक होतेय" असं सांगायचं नाही, "आपण आता वेळेवर जेवतो" एवढंच सांगायचं.

ब्लाउज आताच्या मापाचे शिवून घ्या. बारीक झाल्यावर घालेन म्हणून ठेवलेले जुने ब्लाउज कपाट उघडलं की रोज सकाळी तुम्हाला टोमणा मारतात. अंगात न बसणाऱ्या कपड्यात कुणालाच चालायला जावंसं वाटत नाही.

डॉक्टरांकडे जाल तेव्हा त्यांनी फक्त "वजन कमी करा" म्हटलं तर एक प्रश्न शांतपणे विचारा: "माझ्याच रिपोर्टची सडपातळ बाई आली असती तर तिला काय सांगितलं असतं?" बहुतेक डॉक्टर मग खुर्ची पुढे ओढून नीट बोलतात. त्यांनी मेटफॉर्मिन ही शुगरची गोळी सुचवली तर ती घेण्यात हार नाही. व्हॉट्सअॅपवर विकले जाणारे डबे, जेवणाऐवजी प्यायचे शेक, महिन्यात दहा किलोची हमी, यांच्या वाटेला जाऊ नका. तुमचे नऊ उतरून अकरा चढले ते अशाच उपासमारीतून. हल्ली विचारली जाणारी वजनाची इंजेक्शनंही फक्त डॉक्टरांच्या देखरेखीतच, कुणाच्या ओळखीने आणून नव्हे.

एका गोष्टीवर लक्ष ठेवा. खाणं मोजता मोजता डोक्यात दिवसभर तेच फिरायला लागलं, लपून खाणं किंवा खाल्लेलं उलटून टाकणं सुरू झालं, किंवा आरशासमोर पुन्हा रडू यायला लागलं, तर माझ्या सगळ्या सूचना बाजूला ठेवा आणि आधी मानसोपचारतज्ज्ञांशी बोला. गावात कुणी नसेल तर टेलीमानसचा १४४१६ हा सरकारी क्रमांक आहे, मोफत आहे, मराठीत बोलता येतं. आणि काही न करता वजन भराभर उतरायला लागलं तर खूश न होता तपासणी करा.

सुरुवातीला सगळं एकदम धरू नका. पहिले पंधरा दिवस फक्त जेवणाच्या वेळा. पुढचे पंधरा दिवस रात्रीच्या जेवणानंतरचं चालणं. मग चहाची साखर आणि तेल. वहीत रोज एवढंच लिहा: कधी जेवले, किती चालले, कशी झोपले. महिन्याला कंबर एकदा मोजा, बेंबीच्या रेषेत, श्वास सोडून. जिना चढताना दम कुठल्या पायरीवर लागतो तेही लिहा, तो फरक पहिल्यांदा दिसतो. एचबीए१सी तीन महिन्यांच्या आत परत करू नका. रक्तातल्या लाल पेशी साधारण १२० दिवस जगतात, त्याआधी केलेली तपासणी जुनंच सांगत राहते. हिमोग्लोबिन आणि थायरॉइड मात्र तोवर थांबवू नका, उपाशीपोटीच्या शुगरच्या वेळीच सांगून ठेवा, म्हणजे पुन्हा सुई टोचून घ्यावी लागणार नाही.